जपानच्या पिंक सिनेमात खरंच अभिनय असतो का? डबिंग करणाऱ्या बाईचं सविस्तर उत्तर

प्रश्न थोडक्यात असा आहे: जपानी ॲडल्ट सिनेमात गोष्ट आणि भावनिक अभिनय भारी असतो असं काही सिनेमावेडे लोक म्हणतात, ते खरं की उगाच दिलेला कलेचा मुलामा, आणि प्रश्न विचारणारा मुलगा नाटक करतो, पहिली शॉर्टफिल्म करतोय, त्यात नवरा-बायकोचा एक जवळिकीचा सीन आहे, त्याला यातून काही शिकता येईल का.

तू विद्यार्थी आहेस म्हणून अरेतुरे करतेय, राग मानू नकोस. मी सव्वीस वर्षं मुंबईत डबिंग आणि साउंडच्या कामात आहे, आधी आवाज द्यायचे, आता डबिंग डायरेक्ट करते. आमच्या धंद्यात श्वास, हुंदका, दचकणं, धाप, आवंढा गिळणं अशा बिनशब्दांच्या आवाजांना एफर्ट म्हणतात, आणि माझ्या आयुष्याचा बराचसा वेळ लोकांकडून खरे वाटतील असे एफर्ट काढून घेण्यात गेलाय. त्यामुळे या जपानी सिनेमांकडे मी आले ती कानाच्या वाटेने आले, आणि तसंच सांगणार आहे.

पहिली गोष्ट म्हणजे "जपानी ॲडल्ट" म्हटलं की आज लोकांच्या डोळ्यासमोर येतो तो व्हिडिओ, १९८० नंतर घरोघरी व्हिसीआर आले तेव्हा सुरू झालेला, त्याबद्दल मी बोलत नाहीये. मी बोलतेय थिएटरात फिल्मवर दाखवल्या जाणाऱ्या सिनेमाबद्दल, म्हणजे छोट्या स्वतंत्र कंपन्यांनी स्वस्तात काढलेल्या पिंक फिल्म आणि निक्कात्सु या मोठ्या स्टुडिओने काढलेले तशाच जातीचे सिनेमे, ज्यांना रोमन पोर्नो म्हणतात. दोन्हींत शरीरसंबंध अभिनयाने दाखवलेला असतो, प्रत्यक्ष नसतो, नट-नट्यांच्या अंगावर माएबारी नावाची चिकटपट्टी असते, आणि पडद्यावर काय दिसू द्यायचं यावर कायद्याचा कडक पहारा असतो. हा फरक आधी डोक्यात पक्का कर, कारण पुढचं सगळं त्यावर उभं आहे. नट "करतोय" हे जिथे आधीच मान्य आहे तिथेच अभिनयाचा प्रश्न येतो.

पिंक फिल्मची सुरुवात साधारण १९६२ च्या सातोरू कोबायाशीच्या "निकुताई नो इचिबा" पासून धरतात, नटी तामाकी कातोरी. पोलिसांनी त्याच्यावर कारवाई केली आणि त्यामुळे तो अजूनच चालला. अशा सिनेमांना आधी "तीस लाखांचे सिनेमे" म्हणायचे कारण एका सिनेमाचं बजेट जेमतेम ३० लाख येन असायचं, पिंक हे नाव नंतर १९६३ मध्ये एका पत्रकाराने दिलं. पैसे इतके कमी की पूर्ण रंगीत फिल्म परवडायची नाही, मग सगळा सिनेमा कृष्णधवल आणि फक्त शरीरसंबंधाचे सीन रंगीत, याला पार्ट कलर म्हणायचे. विचार कर, प्रेक्षक अंधारात बसलाय, पडद्यावर करडं जग चाललंय आणि अचानक रंग येतो. कोजी वाकामात्सुसारख्या डायरेक्टरने याच स्वस्तातल्या युक्तीचा वापर राग आणि दहशत दाखवायला केला, त्याचा १९६५ चा एक सिनेमा बर्लिनच्या महोत्सवात गेला तेव्हा जपानात "देशाची बेअब्रू" म्हणून केवढा गदारोळ झाला होता. त्या सिनेमात आहे काय, तर नव्या सरकारी सदनिकांमध्ये कोंडलेली माणसं, मोडून पडलेली विद्यार्थी चळवळ, आणि खिडकीतून दुसऱ्यांकडे बघत बसणारा एक मुलगा. एकटेपणाचा सिनेमा आहे तो.

आता निक्कात्सु. ही जपानची सगळ्यात जुनी फिल्म कंपनी, १९१२ ची. जपानात थिएटरात जाणाऱ्यांचा आकडा १९५८ मध्ये वर्षाला ११२ कोटींच्या वर गेला होता, टीव्ही आला आणि १९७१ पर्यंत तो साधारण पाचव्या हिश्श्यावर आला. दाइएई नावाची दुसरी मोठी कंपनी त्याच वर्षी बुडाली. निक्कात्सुकडे पगारी माणसं होती, कॅमेरामन, सेटवाले, लाइटवाले, वर्षानुवर्षं असिस्टंट म्हणून घासलेले डायरेक्टर, आणि स्टुडिओ बंद पडायच्या बेताला आलेला. त्यांनी ठरवलं आता मुख्यतः असे ॲडल्ट सिनेमेच करायचे. २० नोव्हेंबर १९७१ ला पहिला रोमन पोर्नो लागला, शोगोरो निशिमुराचा, सदनिकेतल्या एका गृहिणीची गोष्ट, काझुको शिराकावा हिचं काम. १९८८ ला बंद होईपर्यंत अकराशेच्या आसपास सिनेमे झाले. त्या नावातला "रोमन" फ्रेंच रोमान वरून आला असं सांगतात, रोमान म्हणजे कादंबरी, आणि जपानीत त्याच शब्दाला प्रणयाचीही छटा आहे. म्हणजे नावातच गोष्ट आहे, हे मला फार आवडतं.

नियम सोपे होते. लांबी सत्तर मिनिटांच्या आसपास, शूटिंग आठवडा-दहा दिवसांत, बजेट साधारण ७५ लाख येन, आणि दर दहा मिनिटांनी एक असा सीन. बाकी काय करायचं ते कर, स्टुडिओ विचारणार नाही. आता बाहेरच्या माणसाला वाटेल दर दहा मिनिटांनी हे म्हटल्यावर गोष्ट काय डोंबल सांगणार. पण आपण मराठी लोकांना तरी हे कळायला जड जाऊ नये, कारण आपलं अख्खं संगीत नाटक अशाच बंधनावर उभं होतं ना, ठरावीक वेळाने पद आलंच पाहिजे, प्रेक्षक पदासाठीच तिकीट काढून आलाय. वाईट नाटकात पद आलं की गोष्ट थांबते, लोक पद ऐकतात, वन्स मोअर होतो, आणि मग गोष्ट जिथे होती तिथून परत चालू. चांगल्या नाटकात मात्र पद संपतं तेव्हा ते पात्र आधी होतं तसं उरलेलं नसतं, गद्यात जे बोलवत नव्हतं ते ती गाऊन मोकळी झालेली असते आणि आता मागे फिरणं नाही. चांगल्या रोमन पोर्नोत अगदी हेच होतं. सीन येणार हे ठरलेलं असल्यामुळे "होणार का" हा सस्पेन्सच संपलेला असतो, मग लिहिणाऱ्याकडे एकच प्रश्न उरतो की या सीनमध्ये हे दोघं एकमेकांकडून काय मागतायत आणि बाहेर पडताना कोणाचं काय गेलंय. मी गेली कित्येक वर्षं नव्या मुलांना हेच सांगतेय की सीनच्या आधीचं एक मिनिट आणि नंतरचं एक मिनिट बघा, गोष्ट तिथे असते.

हे ज्याला सगळ्यात जास्त कळलं तो तात्सुमी कुमाशिरो. त्याचा पहिला सिनेमा १९६८ चा, पडला, आणि पुढची चार वर्षं त्याला दुसरा मिळाला नाही, म्हणजे चाळिशी ओलांडलेला, अपयशी ठरलेला माणूस. रोमन पोर्नो सुरू झाल्यावर त्याला काम मिळालं आणि १९७२ मध्येच त्याने इचिजो सायुरी नावाच्या ओसाकाच्या प्रसिद्ध स्ट्रिपरवर सिनेमा केला, ती बाई स्वतः त्यात स्वतःचंच काम करते. पण सिनेमा खरा आहे तो तिच्या मागे धावणाऱ्या एका तरुण स्ट्रिपरचा, ते काम हिरोको इसायामाने केलंय. या मुलीला इचिजो व्हायचंय, तिची जागा हवीय, तिचा हेवाही वाटतो आणि तिच्याशिवाय चैनही पडत नाही. आपल्याकडे तमाशाच्या फडात मोठी कलावंतीण बोर्डावर असताना विंगेत उभी राहून तिचं प्रत्येक पाऊल टिपणारी पोर असते ना, ती ओढ. इसायामा त्या पोरीला जराही सोज्वळ करत नाही, ती खोटं बोलते, भांडते, ओरबाडून घेते, आणि तरी तिच्यावरून नजर हलत नाही. त्या वर्षीचं किनेमा जुन्पोचं उत्कृष्ट अभिनेत्रीचं पारितोषिक तिला मिळालं. किनेमा जुन्पो म्हणजे सिनेमावरचं जपानचं सगळ्यात जुनं आणि मानाचं नियतकालिक, त्यांच्या वर्षातल्या पहिल्या दहा सिनेमांच्या यादीत हा सिनेमा आला. म्हणजे "अभिनय असतो का" या तुझ्या प्रश्नाला जपानच्या समीक्षकांनी पन्नास वर्षांपूर्वीच उत्तर दिलंय.

पुढच्या वर्षी, १९७३ ला, त्याने एक गेशा आणि तिच्याकडे पहिल्यांदाच आलेलं गिऱ्हाईक यांच्यावर सिनेमा केला, काळ १९१८ चा, जुन्को मियाशिता नायिका. खोली केवढी, तर साडेचार तातामी चटयांची, आपल्या चाळीतल्या खोलीहूनही लहान. आत ही दोघं आणि बाहेर तांदळाचे दंगे, सैबेरियात निघालेलं सैन्य, हे सगळं मधूनमधून पाट्या आणि छायाचित्रांतून येत राहतं. गेशाने नव्या गिऱ्हाइकासमोर मनाने गुंतायचं नाही हा धंद्याचा अलिखित नियम, आणि मियाशिताचं सगळं काम त्या नियमाच्या कडेवर चालतं. चेहऱ्यावर आधी सराईतपणा, मग त्या सराईतपणाला पडलेली बारीक चीर, मग ती चीर गिऱ्हाइकाला दिसू नये म्हणून केलेली धडपड. हे तीन थर एकाच चेहऱ्यावर एकाच शॉटमध्ये बदलताना बघणं म्हणजे काय असतं ते बघितल्याशिवाय कळणार नाही. आपल्याकडे बैठकीच्या लावणीत बसल्या जागी, नऊवारीत, फक्त डोळे आणि हात वापरून अदा करणाऱ्या बायका होत्या त्यांना हे काम बघताक्षणी समजलं असतं असं मला नेहमी वाटतं.

आणि आता पहाऱ्याबद्दल. जपानच्या फौजदारी कायद्यातलं १७५ वं कलम अश्लीलतेचं, आणि सिनेमापुरती एइरिन नावाची परीक्षण संस्था, १९४९ पासूनची. रोमन पोर्नो सुरू होऊन जेमतेम दोन महिने झाले आणि जानेवारी १९७२ मध्ये पोलिसांनी प्रिंट जप्त केल्या, खटला भरला, एइरिनचे परीक्षकसुद्धा आरोपी झाले, सगळे निर्दोष सुटायला १९८० उजाडलं. म्हणजे या लोकांनी जवळजवळ अख्खं दशक डोक्यावर टांगती तलवार घेऊन काम केलं. याचा परिणाम कॅमेऱ्यावर झाला. गुप्तांग अजिबात दिसता कामा नये, मग कॅमेरा जाणार कुठे, चेहऱ्याकडे, हाताकडे, पावलांकडे, चटईच्या काठाला घट्ट धरलेल्या बोटांकडे. पुढ्यात बाटली ठेवा, दिवा ठेवा, मच्छरदाणी टांगा, सरकत्या दाराची चौकट मध्ये आणा. कुमाशिरो तर कधी कधी मुद्दाम ढळढळीत काळी पट्टी टाकायचा, की बघा, हे तुम्हाला बघू दिलेलं नाही. पण बाकीच्यांच्या बाबतीत हा पहारा नकळत अभिनयाची शाळा ठरला, कारण चेहराच दाखवायचा म्हटल्यावर चेहऱ्यात काहीतरी असावं लागतं, दहा मिनिटांनी परत तोच चेहरा येणार आहे. सेन्सॉरशिप चांगली असं मी अजिबात म्हणत नाहीये, त्या खटल्याने लोकांची आयुष्यं पोळली, फक्त कॅमेरा चेहऱ्यावर का थांबला याचं कारण सांगतेय.

आता माझा विषय, आणि इथे मी थोडी जास्त रेंगाळणार आहे. हे जवळजवळ सगळे सिनेमे शूटिंगच्या वेळी आवाज न घेता करायचे, आवाज नंतर स्टुडिओत. जपानीत त्याला आफुरेको म्हणतात, आफ्टर रेकॉर्डिंगचं त्यांनी केलेलं छोटं रूप, म्हणजे आपलं डबिंगच. खर्च वाचतो, कॅमेऱ्याच्या घरघरीची चिंता नाही, शूटिंग चालू असताना डायरेक्टर ओरडून सूचना देऊ शकतो. आपल्या हिंदी-मराठी सिनेमात कित्येक दशकं हेच चालायचं त्यामुळे मला हे घरचंच वाटलं. पण याचा अर्थ नीट लक्षात घे. पडद्यावर ज्या क्षणी ती नटी रडतेय त्या क्षणी तिचा आवाज तिथे नाहीये. तिने काही आठवड्यांनी एका अंधाऱ्या खोलीत, पूर्ण कपड्यांत, माइकसमोर उभं राहून, समोरच्या पडद्यावर स्वतःलाच बघत तो हुंदका परत दिलाय. शरीराचा अभिनय एकदा झाला आणि श्वासाचा अभिनय दुसऱ्यांदा, वेगळ्या दिवशी, वेगळ्या मनाने.

वाईट सिनेमात हे लगेच पकडता येतं, एकच सूर, एकच लय, सुरुवातीपासून शेवटपर्यंत वरच्या पट्टीत, कोणाचाही आवाज कोणालाही चिकटवला तरी चालेल असा. माझ्याकडे नव्या मुली येतात त्याही पहिल्यांदा असंच करतात, कारण त्यांनी कुठेतरी ऐकलेलं असतं की असा सीन म्हणजे असा आवाज. मी त्यांना माइकपासून बाजूला घेते आणि विचारते, ही बाई आत्ता कोणाला घाबरतेय. शेजारच्या खोलीत सासू आहे का, पोर झोपलंय का, उद्या हा माणूस जाणार आहे का. प्रश्नाचं उत्तर मिळालं की श्वास आपोआप बदलतो, कधी तो दाबला जातो, कधी मध्येच तुटतो, कधी ती चक्क श्वास घ्यायचीच विसरते आणि मग उशिरा घेते, आणि तो उशिरा घेतलेला श्वास ऐकून रेकॉर्डिंग करणारा माणूससुद्धा मान वर करतो. मियाशिताच्या कामात हे सारखं ऐकू येतं. ती पुष्कळदा आवाज करतच नाही, जिथे सगळे अपेक्षा करतायत नेमकं तिथे शांत राहते, आणि मग काहीतरी अगदी क्षुल्लक बोलते, पावसाबद्दल किंवा भुकेबद्दल.

कुमाशिरोच्या पात्रांना आणखी एक खोड आहे, ती गुणगुणतात. जुनी गाणी, रस्त्यावरची गाणी, अर्धवट, बेसूर. ओठ हलताना दिसतीलच असं नाही, लिप सिंकची त्याला फारशी फिकीर नव्हती. आम्हाला सिंक एक फ्रेम चुकला तरी बोलणी बसतात त्यामुळे पहिल्यांदा बघताना मला ती ढिलाईच वाटली होती, मी चिडले होते खरं तर. दुसऱ्यांदा बघितलं तेव्हा लक्षात आलं की तो आवाज त्या माणसाच्या तोंडातून येत नाहीये, आतून येतोय. चालू क्षणात त्याचं मन तिथे नाहीये, ते कुठल्यातरी जुन्या गाण्यात जाऊन बसलंय, आणि शेजारी पडलेल्या बाईला ते ऐकू येतंय. एका ओळीचाही संवाद न लिहिता केवढा एकटेपणा सांगितलाय.

१९७९ चा त्याचा लाल केसांच्या बाईचा सिनेमा, परत मियाशिता, सोबत रेंजी इशिबाशी, मूळ गोष्ट केंजी नाकागामीची. एक ट्रकवाला, एक बाई जिचं नावसुद्धा आपल्याला शेवटपर्यंत कळत नाही, एक लहानशी खोली आणि न थांबणारा पाऊस. बाहेर कामधंदा नाही, आत दोघं, खाणं, झोपणं, भांडणं, परत जवळ येणं. साउंडवाली म्हणून सांगते, तो पाऊस ऐक. ती खोली सोडली तर तिला कुठेही जागा नाहीये आणि हे तिने कधीच बोलून दाखवलेलं नाही, ते पाऊस सांगतो. दर वेळी ती त्याला धरते तेव्हा त्या धरण्यात वासना किती आणि "मला बाहेर काढू नकोस" किती याचं प्रमाण बदलत जातं. रसशास्त्रात शृंगाराचे दोन भाग सांगितलेत, संभोग आणि विप्रलंभ, मिलन आणि विरह, पण इथे मिलन चालू असतानाच विरहाची भीती आत बसलेली आहे आणि दोन्ही एकाच श्वासात ऐकू येतात.

नोबोरू तानाकाचं नाव घेतलं नाही तर अन्याय होईल. आबे सादा या बाईचं १९३६ साली खरं घडलेलं प्रकरण, प्रियकराला मारून त्याच्या देहाचा भाग घेऊन फिरलेली बाई, यावर त्याने १९७५ मध्ये सिनेमा केला. एक वर्षाने नागिसा ओशिमाने त्याच प्रकरणावर केलेला सिनेमा जगभर गाजला, त्याची निगेटिव्ह डेव्हलप करायला फ्रान्सला पाठवावी लागली होती कारण त्यातला शरीरसंबंध खरा होता. दोन्ही बघितलेत, आणि माझं मत पुष्कळांना पटणार नाही पण अभिनयाच्या बाबतीत मला तानाकाचाच जास्त जवळचा वाटतो. ओशिमाकडे विचार मोठा आहे, तानाकाकडे मियाशिता आहे, आणि ती त्या बाईला ना राक्षसीण करते ना देवी, तिला फक्त हा माणूस जाऊ द्यायचा नाहीये, एवढंच, लहान मुलासारखं हट्टाने.

आता जे सांगायला पाहिजे आणि चाहते लोक टाळतात ते. या अकराशे सिनेमांतला बराच मोठा भाग वाईट आहे, आणि वाईट म्हणजे नुसता कंटाळवाणा असं नाही. बलात्काराने सुरू होणारी प्रेमकथा, नाही म्हणणारी बाई शेवटी हो म्हणते असा शेवट, लोकलमधल्या छेडछाडीवर काढलेल्या विनोदी मालिका, हे सगळं त्यात ढिगाने आहे. वर ज्याचं एवढं कौतुक केलं त्या लाल केसांच्या सिनेमाची सुरुवातसुद्धा दोन पुरुषांनी एका मुलीवर केलेल्या अत्याचाराने होते आणि सिनेमा त्याचा हिशोब कधीच नीट चुकता करत नाही. मी आजही तो भाग बघताना हात घट्ट आवळून बसते. तो काळ तसा होता असं म्हणून मी ते सोडून देणार नाही, मुंबईच्या लोकलने रोज प्रवास केलेली बाई छेडछाडीवर हसू शकत नाही. कलाकृती चांगली आहे आणि तिच्यात अन्याय आहे, दोन्ही खरं, दोन्ही बोलायचं.

आणि पडद्यामागचं तर त्याहून महत्त्वाचं. नंतरच्या व्हिडिओ धंद्यात मुलींना फसवून, करारात अडकवून कामं करून घेतल्याचं २०१६ च्या सुमाराला जपानात उघडपणे बोललं जाऊ लागलं. २०२२ मध्ये तिथे सज्ञानतेचं वय २० वरून १८ केलं, त्यामुळे अठरा-एकोणीस वर्षांच्या मुलांना आधी जो करार रद्द करता यायचा तो हक्क गेला, म्हणून त्याच वर्षी जूनमध्ये खास कायदा आणला: करार आणि शूटिंगमध्ये निदान एक महिना, शूटिंग आणि प्रकाशनात निदान चार महिने, आणि प्रकाशनानंतरही वर्षभर कारण न देता करार मोडता येतो. त्याच धंद्यातल्या माना साकुरा या बाईने कादंबरी लिहिली आणि ताकाहिसा झेझे या पिंकमधूनच आलेल्या डायरेक्टरने २०१७ मध्ये त्या कादंबरीवर साधा, शांत सिनेमा केला, आया, मुली आणि त्यांच्यातलं न बोललेलं. तो जरूर बघ.

बायका नुसत्या कॅमेऱ्यापुढे होत्या असंही नाही. साची हामानो या बाईने १९७० च्या दशकाच्या सुरुवातीपासून तीनशेच्या वर पिंक फिल्म डायरेक्ट केल्या, पुरुषांनी कल्पिलेली बाई बघून कंटाळा आला म्हणून. कोकुएई कंपनीच्या कितीतरी गाजलेल्या पिंक फिल्मवर निर्माता म्हणून दाइसुके आसाकुरा असं पुरुषाचं नाव येतं, ती प्रत्यक्षात केइको सातो नावाची बाई. बाकी इथून वर आलेल्यांची यादी मोठी आहे, "डिपार्चर्स" साठी ज्याच्या सिनेमाला ऑस्कर मिळालं तो योजिरो ताकिता पिंकमधलाच, कियोशी कुरोसावा, मासायुकी सुओ, रियुइची हिरोकी हे सगळे तिथूनच. तीन-पाच दिवसांत, हातात पैसा नसताना, दोन माणसं एका खोलीत ठेवून प्रेक्षकाला तासभर धरून ठेवायचं ज्याला जमलं त्याला पुढे काय अवघड जाणार.

तुझ्या शॉर्टफिल्मकडे येते. स्क्रिप्टमध्ये तू "दोघं जवळ येतात" एवढंच लिहिलं असशील तर ते खोड. तिथे संवाद लिहितोस तसं लिही, आधी कोणाचा हात, कोण थांबतं, कोण दिव्याकडे बघतं, आणि सीन संपल्यावर कोण आधी उठतं. कोण आधी उठतं हे तुझ्या गोष्टीत ठरलेलं असलंच पाहिजे, ते माहीत नसेल तर सीन अजून तयार नाहीये, शूट करू नकोस. दोघा कलाकारांना हे कागदावर आधी दे, काय दिसणार काय नाही ते लिहून दे, आणि शूटिंगच्या सकाळी त्यातलं काहीही वाढवायचं नाही, कमी करायचं असेल तर त्यांच्या एका शब्दावर कमी करायचं. सेटवर लागतील तेवढीच माणसं, मोबाइल बाहेर. जपानात २०२० च्या सुमारापासून इंटिमसी कोऑर्डिनेटर, म्हणजे जवळिकीचे सीन कलाकारांच्या संमतीने बसवणारी माणसं, येऊ लागले, आपल्याकडेही आता मुंबईत अशी प्रशिक्षित माणसं आहेत, तुझ्या बजेटमध्ये बसत नसेल तर निदान युनिटमधली एखादी अनुभवी बाई फक्त कलाकारांच्या बाजूने उभी राहायला ठेव, जिला तू "कट" म्हणायच्या आधी "थांबा" म्हणायचा अधिकार असेल. तुझ्या वयाच्या मुलांना वाटतं याने भावना थंड होते. माझा अनुभव उलटा आहे. हात कुठे जाणार हे ठरलेलं असलं की कलाकाराचं लक्ष हातावरून निघतं आणि समोरच्या माणसाकडे जातं.

बऱ्याच वर्षांपूर्वी एका सिनेमात माझ्याकडे एक मुलगी अशाच सीनचं डबिंग करायला आली होती, शूटिंगला तिला न सांगता काहीतरी वाढवलेलं होतं आणि पडद्यावर ते लूपमध्ये परत परत बघायची वेळ तिच्यावर आली. तिसऱ्या टेकला तिचा आवाजच निघेना. मी पडदा बंद केला, सगळ्यांना बाहेर काढलं, आणि आम्ही दोघी नुसत्या बसलो. त्या दिवशी काम झालं नाही. दुसऱ्या दिवशी तिने चित्र न बघता, मी खांद्यावर हाताने इशारा देईन त्यावर, तो श्वास दिला. सिंक नंतर मी एडिटवर रात्रभर बसून जुळवला. तिच्या चेहऱ्यावर जे झालं होतं ते मी विसरलेले नाही आणि म्हणूनच वरचा परिच्छेद एवढा लांब झाला.

आवाजाचं शेवटचं. सीन शूट करताना लोकेशनवर आवाज खराब आला, पंखा आला, रिक्षा आली, तरी पायलट ट्रॅक, म्हणजे शूटिंगच्या वेळी घेतलेला तो कच्चा आवाज, पुसू नकोस. डबिंगला कलाकारांना आधी तोच ऐकव, चित्राशिवाय, डोळे मिटून, दोन वेळा. त्यातले शब्द वापरता येणार नाहीत पण श्वास कुठे तुटला ते त्यात आहे, आणि बऱ्याचदा दोन शब्दांच्या मधला एखादा श्वास साफ करून तसाच्या तसा वापरता येतो.